अध्यक्षांचा कान

पत्त्यांच्या क्लबातून चष्मेवाल्याला हाकललं ते त्याच्या साडूने. साडू म्हणजे क्लबाचा अध्यक्ष. फरशीचा व्यापारी, अंगाने आडवा, बोलण्याने त्याहून आडवा. चष्मेवाल्याचा गुन्हा एवढाच की भर डावात, सगळ्यांसमोर, त्याने विचारलं, "साडूभाऊ, हातात किलवर आले की तुमचा उजवा कान खाजतो आणि बदाम आले की डावा. हा कुठला रोग? आणि औषध बरं चिटणीसांनाच सापडतं, लगेच तीच उतारी करतात!"

चिटणीस म्हणजे अध्यक्षांचा कायमचा भिडू, निवृत्त हेडमास्तर. त्याने पत्ते छातीशी गच्च धरले. बाकीचे छताकडे बघायला लागले. तो कान सगळ्यांनी पाहिला होता, वर्षानुवर्षं. पण बोलणार कोण? बाहेर मिशीला पीळ देणारी ही माणसं क्लबाच्या पायरीवर चपलांबरोबर कणाही काढून ठेवत.

दुसऱ्याच दिवशी फळ्यावर लागलं: क्लबाला न शोभणारं वर्तन, सभासदत्व रद्द. ना विचारणं, ना सवरणं.

"एका कानापायी माझं माहेर तोडलंत," बायको म्हणाली. "ताई फोन उचलत नाही. मागून टाका माफी, जीभ झिजणार आहे का?"

"अगं, हाकललेला माणूस खोटा ठरतो! काल गिऱ्हाईक खुर्चीत बसून अक्षरं वाचता वाचता मलाच विचारतंय, तुम्हाला नसतं ते दिसतं म्हणे? मी लोकांचे डोळे तपासतो. माझ्याच नजरेवर भरवसा उरला नाही, तर दुकानात काय माश्या मारू?"

तो कोर्टात गेला. वकीलबाईंनी पहिल्याच भेटीत फुगा फोडला. "कान खाजवला की नाही, यात कोर्ट पडणार नाही. काढण्याआधी तुमचं ऐकून घेतलं का, तेवढंच बघणार."

"आणि खरं-खोटं?"

"ते तुमच्याजवळ ठेवा. मला फक्त 'ऐकलं नाही' एवढं द्या."

तेवढ्यावर निकाल लागला. हकालपट्टी रद्द, माणूस सभासदच. क्लबाला काढायचंच असेल, तर आधी सभा बोलवा, समोर बसवून त्याचं ऐका, मग काय ते ठरवा.

अध्यक्षांनी निकाल ऐकला आणि मांडीवर थाप मारली. "ऐकायचंच ना? ऐकू! कानाचंच तर प्रकरण आहे!" सगळे खो खो हसले. लाचार हसण्यात त्या क्लबाचा हात कोणी धरला नसता.

सभेला चष्मेवाला कोट घालून गेला. रात्ररात्र जागून भाषण पाठ केलेलं. आता या क्लबाची एक जुनी खोड होती. सभा सुरू होताना अध्यक्ष टेबलावर पत्त्यांचा जोड आपटायचे आणि चिटणीस ओरडायचा, "सभासद नसलेल्यांनी बाहेर!" मग दार बंद. यात सवलत कोणालाच नाही. एकदा नळ दुरुस्त करणाऱ्याला अर्ध्या कामातून बाहेर काढलं आणि सभा घोटाभर पाण्यात पार पडली.

जोड आपटला. चिटणीस ओरडला. सगळ्या माना चष्मेवाल्याकडे वळल्या.

"मीसुद्धा?" त्याने विचारलं.

"आधी तूच!" अध्यक्ष म्हणाले. "नियम म्हणजे नियम."

चष्मेवाल्याच्या मस्तकात तिडीक गेली. 'मी सभासद आहे' हे शब्द अगदी ओठांवर आले. मग त्याला वकीलबाईंचं बोलणं आठवलं. त्याने ओठ मिटले, खुर्ची मागे सरकवली आणि बाहेर गेला. चिटणिसाने आतून कडी लावली. बाहेरच्या बाकावर बसून चष्मेवाल्याने स्वतःच्या हकालपट्टीच्या टाळ्या ऐकल्या.

पुन्हा कोर्ट. या वेळी चिटणीस ऐटीत उभा राहिला. सभा रीतसर झाली, म्हणाला.

"ठराव झाला तेव्हा हे कुठे होते?" न्यायाधीशांनी विचारलं.

"बाहेर, साहेब. सभासद नसलेल्यांना आम्ही बसू देत नाही."

"पण ते सभासद होते. त्यांना काढायचं की नाही, हेच तर ठरवायचं होतं."

चिटणिसाने अध्यक्षांकडे पाहिलं. "आमच्याकडे पहिल्यापासून असंच आहे, साहेब."

वकीलबाईंना उठावंही लागलं नाही.

चष्मेवाला त्याच संध्याकाळी क्लबात गेला. त्याने पंख्याखालचं टेबल धरलं. समोर कोणी बसेना. ज्यांना त्याने उधारीवर चष्मे दिले होते, तेही पाठ करून बसले. कोर्टाने नाव परत दिलं होतं, भिडू देणं कोर्टाच्या हातात नव्हतं. आणि कानाबद्दल दोन्ही वेळा कोणी चकार शब्द विचारला नव्हता.

"बस एकटाच, पिसत बस पत्ते!" पलीकडच्या टेबलावरून अध्यक्ष म्हणाले.

"बसतो की," चष्मेवाला म्हणाला. त्याने खुर्ची उचलली, अध्यक्षांच्या टेबलाशी नेऊन ठेवली, काचा पुसून चष्मा चढवला. "खेळा तुम्ही. बघायची सभासदाला मनाई नाही."

पत्ते वाटले गेले. अध्यक्षांनी आपले पत्ते उचलले. त्यांचा उजवा हात उठला, खांद्यापर्यंत आला आणि तिथेच अडकला. चष्मेवाला पापणी न हलवता कानाकडे बघत होता. हात खाली गेला. चिटणिसाने वाट पाहिली, घाम पुसला आणि भलतीच उतारी केली. डाव गेला. पुढचाही गेला. इतर टेबलांवरचे खेळ थांबले. आता सगळा क्लब त्या कानाकडे बघत होता. कान लालबुंद झाला होता, आणि या वेळी बहुधा खरोखरच खाजत होता.

"उद्याही येणार आहेस का?" अध्यक्षांनी दात खाऊन विचारलं.

"रोज," चष्मेवाला म्हणाला.