बाहेरचा आवाज

मी हेडफोन बोलतोय. नाजूक घडणीचा, पण कामाला पक्का. मालकाला हवं तेवढंच कानात सोडायचं, बाकी जग उंबऱ्याबाहेर, एवढंच मला येतं.

माझी मालकीण एका कंपनीच्या तक्रार विभागात आहे. गिऱ्हाइकांची गाऱ्हाणी ऐकून घ्यायची, हाच तिचा पेशा. वडिलांचं अर्धं अंग लुळं पडलं तेव्हा तिने घरून काम मागून घेतलं. म्हटलं, दिवसभर बाबांच्या उशाशी तरी बसता येईल.

व्हिडिओ कॉलवर साहेबांना आधी बाबांची खाट खुपली. "मागे काय दिसतंय ते? जरा नीटनेटकं ठेवा." तिने मध्ये पडदा टाकला. मग खोकला खुपला. म्हणून तिच्या घरी माझी रवानगी झाली, तीही रंगीत कागदात गुंडाळून. "बघा, कंपनी तुमची किती काळजी घेते," साहेब म्हणाले.

बाबा जुने बस कंडक्टर. अंग गेलं, तरी आवाज खणखणीत होता. मी तो अडवला.

"पोरी, जरा कुशीवर वळवतेस का?" ते पडद्याआडून विचारायचे.

"हो, लगेच करते," ती म्हणायची. साहेबांना.

बाबांना वाटायचं, हो म्हणालीय, येईल. ते वाट बघत पडून राहायचे.

घरून काम म्हणजे अर्धी सुट्टीच, असं साहेबांचं ठाम मत. "घरीच तर आहात," असं म्हणून ते तिच्या तोंडचा घासही खाली ठेवायला लावायचे. पडून पडून बाबांच्या पाठीला जखमा झाल्या. तिने मलमपट्टीपुरती सवड मागितली.

"ऑफिसच्या वेळेत घर आणू नका."

ऑफिसच घरभर पसरलंय, हे तिच्या ओठांवर आलं होतं. "सॉरी सर," ती म्हणाली.

एका दुपारी साहेब सगळ्यांना आपसातला संवाद कसा वाढवावा ते समजावत होते. पडद्याआड बाबांचा श्वास अडकला. त्यांनी लेकीला हाक मारली, पुन्हा मारली, मग नुसती घरघर उरली. मी माझं काम चोख केलं. ती साहेबांकडे बघून मान डोलवत होती.

मीटिंग संपल्यावर तिने मला गळ्यात सरकवलं. "बाबा, चहा टाकू?" असं विचारत तिने पडदा सारला.

आठवडा सरायच्या आत साहेबांचा फोन आला. "वाईट झालं. एका परीने सुटले बिचारे. आता घरी अडकून पडायचं कारण नाही ना? सोमवारपासून ऑफिसला या."

"हो सर."

आता आम्ही ऑफिसात असतो. शेजारच्या खुर्चीतला माणूसही तिला स्क्रीनवरूनच निरोप धाडतो. काम संपलं तरी ती मला उतरवत नाही. आत काहीच वाजत नसतं. माझ्या कानांच्या गाद्या फाटल्यात, तरी ती नवा घेत नाही.

मला कानाला लावण्याआधी घरातल्या माणसाला काय हवंय ते विचारून घ्या. नंतर मी ऐकू देणार नाही. मी चांगल्या प्रतीचा आहे.