सोडावाले महापौर

"अकरा बाजूनं, अकरा विरुद्ध." नगरसचिवांनी दोनदा हात मोजले आणि महापौरांकडे पाहिलं. "निर्णायक मत आपलं, साहेब."

सभागृहात पंख्यांचा तेवढा आवाज. ठराव साधा होता. धरणात दीड महिन्याचं पाणी उरलेलं. पाऊस येईपर्यंत तीन मोठ्या कारखान्यांचं पाणी तोडायचं आणि ते टेकडीवरच्या वस्तीला द्यायचं. अडचण एवढीच, की तिन्हींतला सगळ्यात मोठा कारखाना खुद्द महापौरांचा होता.

"शेठ, गळ्यातली ती महापौरपदाची साखळी काढून मत देणार की घालून?" मागच्या बाकावरून कुणीतरी ओरडलं आणि हशा पिकला.

शहरात पारशांची घरं मोजून चार. त्यातल्या एका घरातल्या आजोबांनी परसात सोड्याच्या बाटल्या भरायला सुरुवात केली, वडलांनी शेड उभारली आणि शेठनी धाकट्या भावाला हाताशी धरून तिचा साठ माणसांचा कारखाना केला. महापौर झाल्यावरही लोक त्यांना सोडावाले शेठच म्हणत. त्यांनाही त्यात वावगं वाटत नसे.

आठवड्यापूर्वी ते वस्ती पाहायला गेले होते. तिथं टँकर चौथ्या दिवशी येई. दवाखान्यातल्या नर्सबाईंनी त्यांना दारातच गाठलं होतं. "काल दीड कळशी पाण्यात बाळंतपण केलं, साहेब. भाषण नंतर करा. आधी मी हात कशानं धुवायचे ते सांगा." शेठच्या कारखान्यात एकेक बाटली तीन पाण्यांनी धुतली जायची.

"बाजूनं," शेठ म्हणाले आणि पुढचा विषय घ्यायला सांगितला.

कारखान्याच्या ऑफिसात धाकटा उभाच होता. बातमी त्यांच्याआधी पोचली होती.

"घरी एका शब्दानं बोलला नाहीस, दादा."

"बोललो असतो तर तू नाही म्हणाला असतास."

"म्हणालोच असतो! साठ घरं चालतात यावर. माझंही त्यातच आलं. तुला गप्प बसता येत होतं. कुणी नावं ठेवली नसती."

"अकरा-अकरा होते रे. गप्प बसलो असतो तर ठराव पडला असता. ते विरुद्ध मत दिल्यासारखंच झालं असतं."

"टाळ्या हव्यात तुला. त्याही माझ्या जिवावर."

"टाळ्या कुणी वाजवल्या नाहीत," शेठ म्हणाले. ते खरंच होतं.

सोमवारी सकाळी पाणीखात्याचा फिटर आला. व्हॉल्व्ह फाटकाजवळच्या खड्ड्यात होता. कामगार बाहेर येऊन उभे राहिले. फिटरनं झाकण काढलं, आत डोकावला, पुन्हा उभा राहिला. "साहेब, तुमच्यासमोर माझा हात चालत नाही."

शेठनी कोट काढून फाटकाला अडकवला आणि पाना मागितला. तेवढ्यात गर्दीतून वस्ताद पुढे आला. बाटल्या भरायचं यंत्र तीस वर्षं त्याच्या हाताखाली होतं.

"सरका, शेठ. तुम्हाला घरचा नळ धड बंद करता येत नाही. आटे घालवाल."

तो गुडघ्यांवर बसला, दोन्ही हातांनी पाना ओढत राहिला आणि पाइपातली घरघर थांबली तसा उठला. "पुढं काय?"

"पाऊस आला की सुरू करू. तोवर अर्धा पगार घरी पोचेल."

वस्तादनं मान हलवली आणि डबा घ्यायला आत गेला.

पाऊस लांबला, दोन महिन्यांनी आला. तोवर दुकानादुकानातल्या फ्रिजमध्ये बाहेरच्या कंपनीच्या बाटल्या बसल्या होत्या. यंत्र तीन आठवडे चाललं, भरलेले क्रेट जागचे हलेनात, आणि कारखाना बंद झाला तो झालाच. शेठनी ओळखीपाळखीच्या दारी जाऊन, शब्द टाकून चाळीस जणांना चिकटवून दिलं. बाकीच्यांनी आपापली वाट शोधली. वस्ताद पंप दुरुस्त करू लागला; रस्त्यात दिसला की हात वर करी, पण थांबत नसे. पुढच्या निवडणुकीत शेठ पडले. टेकडीवरच्या वस्तीनंही दुसऱ्यालाच मत दिलं. त्यानं घरोघरी नळ कबूल केला होता. धाकटा बायकापोरांना घेऊन दुसऱ्या शहरात गेला. खुशालीची पत्रं दोघी जावा एकमेकींना लिहीत.

नवव्या वर्षी शेडला गिऱ्हाईक मिळालं. सहीसाठी धाकटा आला. वकिलाचं ऑफिस दुसऱ्या मजल्यावर होतं. कागद टाइप होईपर्यंत दोघं भाऊ एकाच बाकावर बसून होते. प्रवास कसा झाला, गुडघे काय म्हणतात, एवढं बोलून झालं.

मग समोरच्या भिंतीकडे बघत धाकट्यानं विचारलं, "त्या दिवशी मत देताना माझा विचार आला होता का, दादा?"

"आला होता."

"आणि?"

"अजून येतो," शेठ म्हणाले.

कागद आले. शेठनी सही केली, धाकट्यानं तिच्याखाली केली. वकिलांनी दोघांचे हात हातात घेऊन अभिनंदन केलं; कशाबद्दल, ते दोघांनाही कळलं नाही.

जिना अरुंद होता आणि त्याला कठडा एकाच बाजूनं. शेठ वरच्या पायरीवर अडखळून थांबले. धाकटा त्यांना ओलांडून एक पायरी खाली उतरला आणि पाठमोराच उभा राहिला. शेठनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. दोघं एकेक पायरी उतरू लागले.