साप्ताहिक तासिका : निरंक

"हा शब्द तुम्हीच लिहिलाय ना, सर?" प्राचार्यपदाच्या अर्जांची छाननी करणाऱ्या कारकुनाने कागदावर बोट ठेवलं.

अक्षर इतिहासाच्या सरांचंच होतं. आठ वर्षांचे आठ तक्ते, आणि प्रत्येकात त्यांच्या नावापुढे, आठवड्याच्या तासिकांच्या रकान्यात, 'निरंक', म्हणजे शून्य.

"मीच लिहिलाय."

"मग घोडं इथंच अडलंय बघा. प्राचार्यपदाला पंधरा वर्षं शिकवल्याचा अनुभव लागतो. तुमची प्रभारी प्राचार्य होण्याआधीची बारा धरली. पुढची आठ वर्षं तुम्ही कॉलेज चालवलंत, मान्य. पण शिकवलंत कुठं?"

"रोज शिकवतो की! सकाळी पहिला तास. मुलांना विचारा हवं तर."

"मुलांचं कोण विचारतंय, सर? तक्ता लागतो. आणि तक्त्याखाली सही तुमचीच."

कारकून वाईट माणूस नव्हता. त्याने पाण्याचा ग्लासही पुढे केला. सरांनी मनातल्या मनात गणित करून पाहिलं. आजपासून तास कागदावर आणले, तर पंधरा वर्षं बरोबर तीन वर्षांनी भरत होती, आणि तीन वर्षांनीच ते निवृत्त होत होते. नियम कधीकधी अशी थट्टा करतात, की ज्याची झाली त्याला हसूही येत नाही.

त्या शब्दामागची गोष्ट कारकुनाला सांगण्यासारखी नव्हती. आठ वर्षांपूर्वी धाकट्या मॅडम इतिहास विभागात आल्या, तेव्हा त्यांच्या वाट्याला आठवड्याला दहाच तास येत होते. पूर्णवेळ नेमणुकीला सोळा हवेत. नाहीतर अर्धवेळ, आणि घरी वडील अंथरुणाला खिळलेले. सरांनी आपले सहा तास त्यांच्या नावावर लिहिले आणि स्वतःपुढे झोकात निरंक लिहिलं. पण शिकवल्याशिवाय या माणसाला चैन पडत नसे, म्हणून ते सहा तास घ्यायचे मात्र तेच. कागद मॅडमना, वर्ग आपल्याला. सगळ्या कॉलेजला हे ठाऊक होतं आणि सगळ्यांनी तोंडावर बोट ठेवलं होतं. आपण नियमाला कसं गुंडाळलं, याचं सरांना भारी कौतुक होतं.

घरी बायकोने कपाळावर हात मारला. "अहो, दुसऱ्याचं भलं करताना स्वतःचा एखादा तास तरी ठेवायचात! आठ वर्षं 'इनचार्ज सर, इनचार्ज सर' ऐकतेय मी. आता तेच म्हणत तुम्हाला निरोप देतील."

सर त्या रात्री जेवले नाहीत.

दुसऱ्या दिवशी दुपारी धाकट्या मॅडम केबिनमध्ये आल्या आणि उभ्याच राहिल्या. हातात अनुभवाचा दाखला होता.

"संस्थेच्या चिटणिसांनी बोलावलं होतं, सर. म्हणाले, पात्र तुम्ही एकट्याच आहात, अर्ज करा. माझी आधीच्या कॉलेजची सात आणि इथली आठ. अर्जाचा आज शेवटचा दिवस आहे. तुमची सही लागते. नाही म्हणालात तरी चालेल."

सरांना राग आला.

"आठ वर्षांत एकदाही तुमच्या मनात आलं नाही, की या माणसाचा अनुभव बुडतोय?"

"नियम मलाही माहीत नव्हता, सर. शपथ." ते खरं असावं. अर्ज करायची वेळ येईपर्यंत नियम वाचतो कोण? "मी खरं सांगून टाकते. ते तास तुम्हीच घेत होतात म्हणून."

"आणि मग? मी खोटे तक्ते केले म्हणून चौकशी लागेल, आणि तुमची नेमणूक रद्द होईल. मला पद मिळणार नाहीच." सरांनी हात पुढे केला. "आणा इकडे."

दाखल्यावर आठ ओळी होत्या आणि प्रत्येक ओळीत सोळा तास. त्यातले सहा कुणी घेतले, हे खोलीतल्या दोघांनाही माहीत होतं. सरांनी सही केली, खाली 'प्रभारी प्राचार्य' असा शिक्का मारला आणि कागद फुंकर घालून वाळवला.

मॅडम दारापर्यंत गेल्या आणि थांबल्या.

"सर, आता अर्ज गेल्यावर कुणी तपासणीला आलं तर... उद्यापासून पहिला तास मीच घेते."

पद गेलं तेव्हा सर खुर्चीत ताठ बसले होते. हे मात्र त्यांच्या ध्यानीमनी नव्हतं. सकाळी लवकर उठायचं कशासाठी, हाच पहिला विचार त्यांच्या मनात आला.

"घ्या," ते म्हणाले. मग शिक्का खणात ठेवून, "सहाव्या प्रकरणात तह झालाय. अटी सांगायच्या राहिल्यात. तिथे घाई करू नका, मुलं अटींपाशीच गोंधळतात."

मॅडमनी पेन काढलं आणि उभ्याउभ्याच दाखल्याच्या पाकिटावर ते लिहून घेतलं.