न चढलेल्या मजल्याची सळई

मी सळई बोलतेय. जळगावच्या पिंप्राळ्याच्या पुढे एका कॉलनीत पिवळ्या रंगाचं बसकं घर आहे. त्याच्या गच्चीवर, कॉलममधून डोकं बाहेर काढून उभी आहे ती मी. माझ्यासारख्या तुम्ही पुष्कळ बघितल्या असतील. तुमच्या स्वतःच्या गच्चीवरही असतील. आमच्याकडे सहसा कोणी बघत नाही, आणि बघितलंच तर एवढंच म्हणतात, "वरचा मजला चढवायचा दिसतोय."

तेरा वर्षं झाली, तो मजला चढायचाच आहे. मी लोखंडाची, मला गोड बोलणं जमत नाही. ऐकायचं असेल तर आहे तसं ऐका.

माझा जन्म जालन्याच्या एका कारखान्यातला. भट्टीतून लालबुंद निघाले, रुळांमधून ओढली गेले, अंगावर पीळ उमटले आणि ट्रकमध्ये पडून जळगावला आले. तिथल्या दुकानातून मला बुद्धभूषणने उचललं. तो पहूरच्या आरोग्य केंद्रात आरोग्य सेवक. गावोगाव फिरायचं, तापाच्या रोग्याच्या बोटातून रक्त घ्यायचं, पाण्याची टाकी उघडून डासांच्या अळ्या बघायच्या, असं त्याचं काम. पोरीला शहरातली शाळा मिळावी म्हणून त्याने घर जळगावात बांधायला काढलं आणि स्वतः रोज एसटीने पहूरला जायचं ठरवलं.

पंडित मिस्त्रींनी आम्हा सहा जणींना तारेने एकत्र बांधून कॉलममध्ये उभं केलं. माझे पाय घराच्या पायात, कंबर स्लॅबमध्ये आणि डोकं गच्चीवर. त्यामुळे खाली काय बोलतात ते मला ऐकू येतं आणि वर काय चालतं ते दिसतं. स्लॅब पडल्यावर बुद्धभूषणने विचारलं होतं, "मिस्त्री, या वरच्या सळया कापायच्या का?"

"कापता काय भाऊ? उद्या वर दोन खोल्या काढायच्या म्हटल्या तर कुठून जोड देणार? राहू द्या. फक्त दोन-तीन वर्षांनी सिमेंटचं पाणी मारत जा, नाहीतर गंज धरतील." असं म्हणून मिस्त्रींनी आमच्या डोक्यांवर कोल्ड्रिंकच्या रिकाम्या बाटल्या उलट्या घातल्या. सिमेंटचं पाणी कोणी कधी मारलं नाही, ते सोडा.

घरप्रवेशाला भंतेजी आले, वंदना झाली, खीर वाटली. बुद्धभूषणची आई केसरबाई धुळ्याकडची, तिथलीच बोली बोलणारी. तिने भिंतींवरून हात फिरवला आणि रडली. नऊ वर्षांची संघमित्रा गच्चीवर आली आणि मला धरून गोल फिरली. बुद्धभूषण सगळ्यांसमोर म्हणाला, "वीस वर्षांचं कर्ज आहे. मी अठ्ठावन्नला रिटायर होणार, त्याच वर्षी शेवटचा हप्ता. माझ्या पोरीच्या डोक्यावर यातला एक रुपया ठेवणार नाही." त्याची बायको रत्नमाला तेव्हा हसली होती. ते हसू नंतर मी फारसं ऐकलं नाही.

माणसांची एक गंमत मला कधी कळली नाही. घर बघायला जो येतो तो फरशी बघतो, किचनचा ओटा बघतो आणि मग हळूच विचारतो, "हप्ता किती बसला?" आकडा ऐकला की मान डोलावतो. किती वर्षं, असं कोणी विचारत नाही. मग घरमालकही हप्त्यालाच घराची किंमत समजायला लागतो. बुद्धभूषणचंही तसंच झालं. महिन्याच्या पाच तारखेला मोबाइल वाजायचा, हप्ता गेला, खात्यात उरलेत किती तेवढं बघायचं आणि फोन खिशात टाकायचा. बँकेचे बाकीचे इंग्रजी निरोप त्याने कधी उघडले नाहीत.

घर झाल्यावर थोड्याच दिवसांत व्याजाचे दर वाढले. शेजारच्या हितेंद्रने त्याच बँकेतून, त्याच वर्षी कर्ज घेतलेलं. त्याचा हप्ता वाढला. तो कुंपणाशी येऊन कुरकुरायला लागला तर बुद्धभूषण छाती फुगवून म्हणाला, "माझा तर एक रुपयाने वाढला नाही. एक हप्ता चुकवला नाही मी आजवर. बँक माणूस ओळखते, हितेंद्र."

"मले विचारलं व्हतं बँकेनं," हितेंद्र म्हणाला, "हप्ता वाढवू का वर्षं वाढवू म्हणून. डिंपल म्हणे, वर्षं वाढवशीन तर मी माहेरी निघून जाईन. मंग काय करता?"

कॉलनीत हे सगळ्यांना सांगून झालं. बायकोला घाबरून हप्ता वाढवून घेणारा हितेंद्र, म्हणून लोक त्याला चिडवायचे. केसरबाई गच्चीवर ज्वारीच्या बिबड्या वाळत घालता घालता शेजारणींना सांगायची, "मना भूषणना हप्ता जराबी वाढना नही." मीही तेव्हा ताठ उभी होते. मलाही वाटायचं, आपला मालक हुशार.

मग पुढची वर्षं कशी गेली ते सांगते. दर दिवाळीला गच्चीवर चर्चा व्हायची. इथे जिना, इथे खोली, पूर्वेला खिडकी. बुद्धभूषण खडूने रेघाही मारायचा. मग रत्नमाला म्हणायची, "यंदा राहू द्या, पुढच्या वर्षी बघू." केसरबाईचे गुडघे गेले, तर ऑपरेशनही असंच पुढच्या वर्षावर जात राहिलं, शेवटी पतसंस्थेतून कर्ज काढून केलं. रत्नमालेने भावाच्या लग्नात नवी साडी घेतली नाही आणि वहिनीने टोमणा मारला म्हणून महिनाभर माहेरी फोन केला नाही. बुद्धभूषणची बदली बोदवडला झाली. तिथे राहायला क्वार्टर मिळत होतं. पण घराचा हप्ता भरतोय तर घरातच राहायचं, म्हणून हा गडी आधी पहूरची, आता बोदवडची ये-जा करत राहिला. त्याच्या पाठीचा मणका दुखायला लागला. या सगळ्याची किंमत कोणत्या हप्त्यात धरायची, ते मला लोखंडाला काय कळणार?

पोर मात्र चांगली निघाली. बारावीनंतर नर्सिंगला गेली. फी खाजगी कॉलेजची, म्हणून पतसंस्थेचं दुसरं कर्ज. पगाराचा अर्धा भाग हातात यायच्या आधीच कापला जायला लागला. तरी बुद्धभूषण म्हणायचा, "घराचं काय, आता सातच वर्षं राहिली."

या वर्षी संघमित्रा पास झाली. तिला पुढे पुण्याला एमएस्सी करायचं होतं, नर्सिंग कॉलेजात शिकवायचं होतं. गच्चीवर मला पाठ टेकून ती मैत्रिणीला फोनवर सांगायची, "मला इंजेक्शनं देत आयुष्य काढायचं नाही गं. मला शिकवायचंय." त्याच सुमारास शेजारी हितेंद्रचं कर्ज संपलं. वाढवलेला हप्ता आणि दरवर्षीचा बोनस, दोन्ही तो घाबरत घाबरत बँकेत भरत गेला होता. त्याने कॉलनीभर पेढे वाटले आणि वर मजला चढवायला घेतला. त्याच्या गच्चीवरच्या माझ्या बहिणी एका आठवड्यात नव्या काँक्रीटमध्ये दिसेनाशा झाल्या. मला त्यांचा हेवा वाटला, खोटं कशाला बोलू.

तो मजला बघून बुद्धभूषणला हुरूप आला. त्याने रत्नमालेला हिशेब समजावला. सातच वर्षं उरलीत, म्हणजे कर्ज आता थोडकंच असणार. बँक त्यावर वाढीव कर्ज देईल, वर दोन खोल्या काढू, भाड्याने देऊ, भाड्यात पोरीचं पुणं निघेल. पोरगी उड्या मारत वर आली आणि तिने पुसट झालेल्या रेघा पुन्हा खडूने ओढल्या.

दुसऱ्या दिवशी तो रजा टाकून बँकेत गेला. दुपारी परत आला तो चपला न काढताच घरात शिरला. रत्नमाला पोळ्या लाटत होती. लाटणं थांबलेलं मला कळलं.

"अजून बारा लाख बाकी आहेत," तो म्हणाला.

"कशाचे?"

"घराचे. पंधरा घेतले, साडेएकवीस भरून झाले, बारा बाकी आहेत."

रत्नमालेला वाटलं बँकेची चूक असेल. त्यालाही तसंच वाटलं होतं. पण बँकेतल्या मॅडमनी त्याला बसवून नीट सांगितलं होतं, आणि तेच तो आता अडखळत सांगत होता. दर वाढले तेव्हा बँकेच्या निरोपाला त्याचं उत्तर आलं नाही, म्हणून त्याचा हप्ता वाढवला नव्हता, त्याच्याऐवजी वर्षं वाढवली होती. वीसची साडेसव्वीस झाली होती. सुरुवातीच्या वर्षांत हप्त्यातला मोठा घास व्याजच खात होतं, मुद्दल जेमतेम खरवडलं जात होतं. पुढे नव्या लोकांना कमी दराने कर्ज मिळायला लागलं. जुन्यांनाही तो दर मिळत होता, पण अर्ज करून, थोडं शुल्क भरून, मागितला तर. याने मागितला नाही. मागायला जायचं असतं हेच याला ठाऊक नव्हतं. हप्ता वाढत नाही याच आनंदात तो होता.

केसरबाई खाटेवरून सगळं ऐकत होती. तिने एकच विचारलं, "हाई घर कोनं शे रे भूषण? तुनं का बँकनं?"

तो म्हणाला, "मॅडम विचारत होत्या, सर, तुम्ही अठ्ठावन्नला रिटायर, त्याच्यापुढच्या सहा-साडेसहा वर्षांचा हप्ता कोण भरणार?"

वाट होती. कमी दर मागून घ्यायचा आणि हप्ता पाच-साडेपाच हजारांनी वाढवायचा, म्हणजे रिटायरमेंटच्या आत कर्ज संपलं असतं. मॅडमनी ते कागदावर करूनही दाखवलं होतं. पण पतसंस्थेने अर्धा पगार आधीच धरलेला, त्यातून आणखी पाच हजार निघणार कुठून? घरातला प्रत्येक खर्च त्या दुपारी त्यांनी उलटापालटा केला. पाच हजार निघाले नाहीत.

संघमित्रा जिन्याच्या पायरीवर बसून होती. ती आत आली आणि म्हणाली, "धुळ्याच्या हॉस्पिटलची ऑफर आहे. मी नाही म्हणणार होते. उद्या हो कळवते."

"तू पुण्याला जायचंस," बुद्धभूषण ओरडला. एवढ्या मोठ्याने तो त्या घरात कधी बोलला नव्हता. "मी काय म्हणालो होतो? तुझ्या डोक्यावर..."

"पप्पा, मग कोणाच्या डोक्यावर ठेवायचं? आजीच्या?"

तो बाहेर येऊन ओट्यावर बसला आणि हाताने तोंड झाकलं. गावोगाव डबक्यातल्या अळ्या शोधून काढणाऱ्या माणसाला स्वतःच्या घरात काय वाढतंय ते दिसलं नव्हतं. मला त्याचा राग आला होता. पण त्याला तसं बसलेलं बघून राग टिकला नाही.

पुढच्या महिन्यात बाप-लेक बँकेत गेले. दर कमी झाला, हप्ता वाढला आणि कर्जावर बुद्धभूषणच्या जोडीला संघमित्राचं नाव लागलं. वाढीव रक्कम तिच्या पगारातून जायची ठरली. ती धुळ्याला तीन मुलींबरोबर एका खोलीत राहते. तिला रात्रपाळ्या जास्त लागतात, कारण ती मागून घेते, त्याचे वेगळे पैसे मिळतात. सुट्टीला घरी आली की दिवसभर झोपते. शिकवायचंय हे वाक्य मी तिच्या तोंडून पुन्हा ऐकलेलं नाही.

आता माझं सांगते. या पावसाळ्यात स्वयंपाकघराचं छत गळायला लागलं. पाणी माझ्याच अंगावरून खाली उतरतं. वर मी गंजले, गंज कमरेपर्यंत पोचला, स्लॅबला चीर गेली आणि परवा ओट्यावर पोपडा पडला. पंडित मिस्त्रींना बोलावलं. ते म्हातारे झालेत. त्यांनी माझ्यावर नखाने खरवडलं तर पापुद्रे निघाले. म्हणाले, "भाऊ, एक तर मजला चढवा, नाहीतर या कापून वरून प्लास्टर करा. अशा ठेवल्या तर स्लॅब खातील."

म्हणजे या घराला सगळ्यात मोठा धोका आज माझ्यापासून आहे. उद्याचा आधार म्हणून मला ठेवलं होतं. मला स्वतःचीच लाज वाटते.

जाता जाता तुमच्याकडे एक मागणं आहे. नवं घर घ्याल, तेव्हा हप्ता किती हे विचाराच. पण त्याच दमात विचारा की शेवटचा हप्ता कोणत्या साली, आणि त्या साली तुम्ही कुठे असाल, तुमची पोरं कुठे असतील. दर वर्षी पुन्हा विचारा. हप्ता जागचा हलत नसेल तर खूश होऊ नका, घाबरा. हितेंद्रसारखे भित्रे व्हा. लोक हसतील, हसू द्या.

आज रविवार. मिस्त्रींनी खालून वायर ओढून कटर लावलाय. माझ्या डोक्यावरची बाटली काढून बाजूला ठेवलीय. बुद्धभूषण कठड्याला टेकून उभा आहे, संघमित्रा सकाळच्या गाडीने धुळ्याहून आलीय, तिच्या डोळ्यांखाली काळं आहे.

"बघा हं भाऊ," मिस्त्री म्हणाले, "एकदा कापल्या की वरचा मजला विसरायचा. कापू ना?"

आजवर अशा वेळी बुद्धभूषण रत्नमालेकडे बघायचा. आज त्याने लेकीकडे बघितलं.

"कापा, काका," ती म्हणाली. मग तिने विचारलं, "भंगारात याचे किती येतील?"