प्रँक नाही

दनारशी माझं फाटलं त्याला बरेच महिने झाले, पण आमच्या सोलो शहरातल्या निम्म्या पोरींना आम्ही अजून एकमेकांचे आहोत असंच वाटतं. त्यांचं तरी काय चुकलं? रोज संध्याकाळी आमच्या ओसरीत मोबाइल उभा करून मीच त्याला वाटीतले बाक्सोचे खिम्याचे गोळे भरवते. लाइव्ह संपलं की तो वाटी सरकवतो आणि नव्या मैत्रिणीला मेसेज करत बसतो. माझ्याकडे बघतसुद्धा नाही.

लोक जोडीसाठी येतात, एकट्या वेनिंगला, म्हणजे मला, कुत्रंही विचारणार नाही, असं त्याचं म्हणणं. थांबवूया म्हटलं की म्हणतो, ईदचे व्हिडिओ होऊ देत, मग बघू. या सोंगाचा मला वीट आला होता. आईला सांगावं, तर तिने अख्ख्या नात्यात होणारा जावई म्हणून त्याला मिरवलेला.

म्हणून काल लाइव्हमध्येच बोलून टाकलं. चारचौघांत एकदा तोंडातून गेलं की परत कोण घेणार?

"आमचं तुटलंय," मी म्हणाले. "केव्हाच. आम्ही नुसतं नाटक करतो. मला आता हे नको."

दनार पांढराफटक पडला. पडद्यावर लोकांचं धो धो हसणं सुरू, 'वकवकवक'. ताई, या वेळी नाही फसणार. काय मस्त रडतेस गं, सिनेमात जा. आम्ही तरी कमी प्रँक केलेत का? मागे मी खोटी बेशुद्धसुद्धा पडले होते. मला हुंदका आवरेना, आणि मी जितकी रडत होते तितके पडद्यावर बदाम उडत होते.

ते वाचून दनार सावरला. स्वतःच्या बोटातली अंगठी काढून त्याने गुडघा टेकला.

"पकडलंत की आम्हाला," तो कॅमेऱ्याला म्हणाला. "आता खरं विचारतो. वेनिंग, लग्न करशील माझ्याशी?"

मी नाही म्हणाले. स्पष्ट, दोनदा. लोक आणखी हसले.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून आई धावत आली. तिच्या हातातल्या मोबाइलवर आम्हीच होतो. डोळे पुसत ती माझ्या शेजारी टेकली.

"आई, मी खरंच सांगतेय गं," मी म्हणाले.

"लाजतेय हो पोरगी," आईने माझ्या खांद्यावरून सगळ्यांना सांगितलं, आणि माझं बोट सरळ करून दनारपुढे धरलं.

अंगठी ढिली होती. पडू नये म्हणून आईने माझी मूठ घट्ट मिटून धरली.