व्याह्यांची विमानं

माझं लग्न ठरलं होतं, पण कुठे करायचं ते ठरत नव्हतं. आणि ते ठरत नाही म्हणून लग्नच मोडायच्या बेताला आलं होतं. हसू नका, आमच्याकडे अशा गोष्टींवरून लग्नं मोडतात.

पप्पांना लग्न नगर जिल्ह्यातल्या त्यांच्या गावी हवं होतं. तारापूरच्या कारखान्यांत कंट्रोल पॅनल जोडण्यात त्यांची उभी हयात गेली, कुंभवलीत घर बांधलं, मी इथेच वाढले, पण "आपलं गाव" म्हटलं की ते अजून नगरकडेच तोंड करतात. तर माझे होणारे सासरे धर्माजी, तारापूरकडचे वाडीवाले. चिकू, नारळ, भाजी. त्यांचं म्हणणं, घरातलं पहिलं लग्न, ते वाडीतच होणार. दोन बैठका फिसकटल्या होत्या. दुसऱ्या बैठकीनंतर पप्पांनी जाहीर केलं, "तिसऱ्याला जमलं नाही तर विषय बंद." आई आणि मी दोघी त्यांच्यावर चिडलो, पण पप्पा एकदा बोलले की बोलले.

आता प्रणव, म्हणजे माझा नवरा. तेव्हा होणारा. तो दिसायला गरीब, पण डोकं भलतीकडेच चालतं. त्याने दोन्ही बापांच्या गप्पांतून एक गोष्ट बरोबर हेरली होती. तरुणपणी दोघेही बोईसर स्टेशनामागच्या एका व्हिडिओ गेमच्या दुकानात पडीक असायचे. एकमेकांना ओळखत नव्हते, पण दोघांचा जीव एकाच विमानांच्या गेमवर.

"दिशा, तो गेम घरी चालवता येतो," प्रणव म्हणाला. "जुन्या मशीनची हुबेहूब नक्कल करणारा प्रोग्राम असतो. कॉम्प्युटरला वाटतं आपणच ते मशीन आहोत. दोघांना शेजारी बसवतो. एकदा हसले की बैठक जिंकली."

मला ती आयडिया अतिशय मूर्खपणाची वाटली आणि खूप आवडली.

अडचण एकच आली. पप्पांना कीबोर्डवर खेळून बघायला सांगितलं, तर त्यांना अपमानच वाटला. "दांड्याशिवाय गेम? ह्याला काय गेम म्हणायचं व्हय?" मग प्रणवने ऑनलाइन दोन दांडे, म्हणजे जॉयस्टिक, मागवले आणि पप्पांनी त्यांच्या भंगाराच्या पेटीतून कारखान्यातली जाडजूड बटणं काढली. लोखंडी डबा, त्यावर दोन दांडे, दोन बटणं, प्रत्येक वायरला नंबर, सगळं कसं पट्ट्यांनी आवळून. हिरवं बटण एकच सापडलं, म्हणून दुसऱ्या खेळाडूला लाल. आमच्या टीव्हीपुढे ते धूड असं बसलं, की कोणी पाहुणा आला असता तर विचारलं असतं, इथे बॉयलर कुठे आहे?

सुट्टीच्या दिवशी सकाळी तिसऱ्या बैठकीला मंडळी आली. धर्माजी, त्यांची बायको जयवंती, प्रणव, आणि चिकूंची एक टोपली. चहा होईपर्यंत सगळं गोडीगुलाबीत चाललं. चहा संपला आणि पप्पांनी "गावाकडं" हा शब्द काढला.

"पन आमी नगरला सगली मानसं नेऊ कशी?" धर्माजी म्हणाले. "आमची म्हातारी हाय, गुरं हायत..."

"मग आमची माणसं कशी यायची?" पप्पा.

आवाज चढायला लागले तसा प्रणवने टीव्ही लावला. टुणटुण अशी एक सुरावट वाजली, काळ्या पडद्यावर तारे खाली सरकू लागले आणि दोघेही एकदम गप्प झाले. धर्माजींनी कप खाली ठेवला. "अरे! ह्यो तर तोच..." पप्पांनी सोफा पुढे ओढला.

पुढचा अर्धा तास मी आयुष्यभर विसरणार नाही. पंचावन्नच्या पुढची दोन माणसं मांडीला मांडी लावून बसली होती आणि शाळकरी पोरांसारखी किंचाळत होती. पप्पांचं निळं विमान आणि हिरवं बटण, धर्माजींचं पिवळं विमान आणि लाल बटण. दोघांनी एकाच वेळी उडायचं आणि वरून येणाऱ्या शत्रूच्या विमानांना पाडायचं. "डावीकडं, डावीकडं!" "अहो तो माजा हाय, सोडा!" "व्याही, मागं बघा, मागं!" जयवंतीकाकू पदर तोंडाला लावून हसत होत्या. आई भजी तळायची सोडून झारा हातात घेऊन दारात उभी राहिली. मी आणि प्रणवने एकमेकांना टाळी दिली. आमचं लग्न झालंच म्हणून समजा, असं मला वाटलं.

तेवढ्यात धर्माजी मांडीवर थाप मारून म्हणाले, "खंडेराव, लागली पैज! शेवटपर्यंत ज्याचा विमान राहील, त्यो बोलेल तिकडं लगीन!"

"लागली!" पप्पा म्हणाले.

माझं हसू जागच्या जागी विझलं. माझं लग्न, आणि ते विमानावर लावून मोकळे! पण थांबवणार कोण? नव्याने गेम सुरू झाला. प्रत्येकाला ठरावीक विमानं मिळतात, ती संपली की बाद. आधी धर्माजींचं शेवटचं विमान पडलं. त्यांनी दोन्ही हात डोक्याला लावले. "मेलो!" असं ओरडलेही. आणि पडद्यावर त्यांचं पिवळं विमान पुन्हा ऐटीत वर आलं. त्यांना वाटलं, आपलं एखादं मोजायचं राहिलं असेल. ते पुन्हा भिडले. असं चार वेळा झालं. शेवटी पप्पांचं निळं विमान फुटलं, ते पुढच्याची वाट बघत बसले, तर पुढचं आलंच नाही. पिवळं मात्र उडत होतं.

"माझी शिल्लक विमानं कुठं गेली?" पप्पांनी विचारलं.

प्रणव खरं बोलणारा मुलगा आहे. हा त्याचा दोषच आहे. तो म्हणाला, "काका, ह्या गेममध्ये एक सोय आहे. आपली विमानं संपली की तेच गोळीचं बटण दाबायचं, मग जोडीदाराचं एक विमान आपल्याला मिळतं."

"म्हणजे माझी चोरली!"

"मी नाय दाबला!" धर्माजी उठलेच. "माजे दोनी हात डोक्याला होते, सगल्यांनी बघितला!"

"मग काय भूत दाबतंय? माझं पॅनल खोटं बोलत नाही!"

"पॅनल खरा आनि मी चोर! चल गो, जयवंती. प्रणव, गाडी काढ."

आई "अहो, अहो" करत राहिली. चपला घालून मंडळी अंगणात उतरलीसुद्धा. भजी तशीच राहिली. रडूही येत होतं आणि दोघांच्या डोक्यात झारा घालावासाही वाटत होता.

पप्पांनी मात्र स्क्रूड्रायव्हर काढला. आपलं पॅनल निर्दोष आहे हे त्यांना सिद्ध करायचं होतं. डबा उलटा केला, झाकण उघडलं, आत टॉर्च मारला. मग टेस्टर लावला. एकदा. पुन्हा एकदा. त्यांचा चेहरा पडत गेला तो मी बघत होते.

"काय झालं?" मी विचारलं.

"लाल बटण," ते हळूच म्हणाले. "सवयीनं स्टॉपचं म्हणून जोडलं मी."

कारखान्यात मशीन थांबवायचं बटण उलटं असतं. हात न लावता त्यातून करंट चालू असतो आणि दाबलं की तुटतो. म्हणजे उद्या वायर तुटली तरी मशीन आपोआप थांबतं, कोणाचा हात जात नाही. पप्पांनी हजारो लाल बटणं अशीच जोडली होती. इथेही हात लाल बटणाकडे गेला आणि डोकं न विचारता तशीच जोडणी झाली. भराभर गोळ्या मारताना कोणाला काही कळलं नाही. पण धर्माजींनी हात काढला की गेमला वाटायचं, बटण दाबलेलं आहे. त्यांनी हात डोक्याला लावला की पप्पांचं एक विमान त्यांच्या खात्यात.

झाकण लावून गप्प बसले असते तर कोणाला कळलंही नसतं. पैज तर नियमाने पप्पांनीच जिंकली होती. पण पप्पा टेस्टर हातात घेऊन अनवाणी अंगणात धावले. गाडी सुरू झाली होती. त्यांनी बॉनेटवर हात ठेवला.

"धर्माजीभाऊ, चूक माझी आहे. जोडणीच चुकली. मी तुम्हाला चोर म्हणालो. माफ करा."

धर्माजी गाडीतून उतरले. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, मग एकदम गडगडून हसले. "तरी बोललो, मी एवढा बरा कदीपासून खेलाया लागलो!" जयवंतीकाकूंनाही हसू आवरेना. मग ते गंभीर झाले. "पन मंग जिंकलात तुमीच. पैज ती पैज. चला नगरला. म्हातारीला कसं पन नेऊ."

पप्पांनी बॉनेटवरचा हात काढला. आणि मला काय झालं कोण जाणे, मी ओरडलेच. "मला विचारा ना कोणीतरी! लग्न माझं आहे!"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. धर्माजींनी विचारलं, "बोल पोरी. तुला कुठं पायजे?"

"इथे," मी म्हणाले. "ह्या अंगणात."

पप्पांनी मान हलवली. "इथं कसं होईल गं? गावाकडं मांडव घालायला भाऊबंद येतात. इथं माझ्या दारात मांडव घालायला कोण येणार? एवढी वर्षं राहिलो, पण मांडवाला हात लावणारं माणूस नाही माझं." आईने तोंड फिरवलं. नगरचा हट्ट का होता ते मला तेव्हा कळलं, आणि मला त्यांची फार माया वाटली.

धर्माजींनी पायाने अंगणातली माती दाबून बघितली. मग त्यांनी शर्टाच्या बाह्या वर सारल्या आणि अंगणाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत ढांगा टाकत गेले.

"बांबू आमच्या वाडीतला," ते तिकडूनच ओरडले. "नारलाच्या झावल्या पन आमच्या. आमची अख्खी आली, सगले शेजारीपाजारी, घेऊन येतो मी. खंडेराव, उबे काय राहिलात? पहार आना. पयला खड्डा कुठं मारायचा, ते मुलीच्या बापानं दावायचं आसतं."