बाईंचा तारकागुच्छ काचेत मावेना

काचवाल्याचा फोन आला तेव्हा मी ऑफिसात डबा उघडून बसले होते.

"मॅडम, तुमचे ठिपके काचेत मावत नाहीत," तो म्हणाला.

माझं टाळकंच सटकलं. मुठीत मावेल असा काचेचा ठोकळा, त्याच्या आत लेझरनं चौदा ठिपके कोरायचे, यात न मावण्यासारखं काय आहे? प्रत्येक ठिपका कुठे हवा त्याचे आकडे मी स्वतः करून दिले होते. मी त्याला चांगलं फैलावर घेतलं. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, "वर-खाली, डावं-उजवं सगळं ठीक आहे हो. मागे-पुढेचा घोळ आहे. दोन ठिपके काचेत येतात, चार माझ्या टेबलावर. बाकीचे रस्ता ओलांडून समोरच्या चपलांच्या दुकानात. तिकडे जाऊन कोरू का?"

ठोकळा बाईंसाठी होता, आमच्या खगोलसंस्थेतल्या माझ्या गुरूंसाठी. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी बाईंचा निवृत्तीचा निरोपसमारंभ होता. तरुणपणी बाईंनी आकाशाच्या फोटोच्या काचेवर (तेव्हा असे फोटो काचेवरच काढत) भिंग फिरवता फिरवता चौदा फिकट ताऱ्यांचा एक घोळका हेरला. हे तारे एकत्र जन्मले, एकत्र राहतात, म्हणजे हा एक नवा तारकागुच्छ आहे, असं त्यांनी मांडलं. जगाच्या यादीत त्याला नुसता नंबर आहे, आमच्या संस्थेत मात्र सगळे त्याला 'बाईंचा गुच्छ' म्हणतात. त्यावर बाईंना नाव मिळालं, खुर्ची मिळाली, आणि आमच्यासारख्या कित्येकांना बाईंच्या शिव्या खात शिकायला मिळालं. तोच गुच्छ काचेत घालून त्यांच्या हातात द्यायचा, ही कल्पना माझी. अलीकडे एका उपग्रहानं एकेका ताऱ्याचं अंतर मोजलंय, ते ताजे आकडे वापरायचे, ही हौसही माझीच.

नाचता येईना अंगण वाकडं, तसं मी आधी कॉम्प्युटरला दोष दिला. मग आकडे पुन्हा काढले. मग दुसऱ्या पद्धतीनं काढले. डबा तसाच राहिला. चौदा तारे एकमेकांच्या जवळ नव्हतेच. एक अलीकडे, एक पार पलीकडे, आपल्याला इथून एका रेषेत दिसतात एवढंच. त्यांच्या चाली पाहिल्या तर प्रत्येकाचं तोंड वेगळ्या दिशेला. बाईंचा गुच्छ नव्हताच.

"गुच्छच नाही हा," मी मोठ्यानं बोलून गेले. आणि नेमका तेव्हाच मागून आवाज आला, "अरे बापरे! बाईंना माहीत आहे हे?"

हा आमचा सहकारी. त्याला आम्ही 'दवंडी' म्हणतो. त्याच्या कानावर पडलेलं दुपारच्या चहापर्यंत शिपायालाही पाठ असतं.

"तोंडाला कुलूप लाव," मी म्हटलं.

"मी कशाला कुणाला सांगतोय?" तो म्हणाला. त्याचे डोळे चमकत होते.

म्हणजे उद्या हारतुरे चालू असताना बाईंना हे कुणाच्या तरी कुजबुजीतून कळणार. शेवटच्या दिवशी, भरल्या हॉलमध्ये. मी जिन्यात जाऊन आईला फोन केला. आई आयुष्यभर नर्स होती, वाईट बातमी कशी सांगतात ते तिला विचारावं म्हटलं.

"नाही सांगितलं तर?" मी विचारलं.

"मग दुसरं कुणी सांगेल, आणि वाईट सांगेल," आई म्हणाली. "पाणी पी आणि जा. दारात उभी राहून पाल्हाळ लावू नकोस."

संध्याकाळी बाईंच्या घरचं दार त्यांच्या यजमानांनी उघडलं. काकांनी हातानंच आतली खोली दाखवली. बाई स्टुलावर चढून कपाट रिकामं करत होत्या, चष्मा डोक्यावर, पदर खोचलेला.

"काय गं, तोंड का असं एरंडेल प्यायल्यासारखं?"

आईचं ऐकून मी थेट बोलले. "बाई, तुमचा गुच्छ खरा नाही. तारे वेगवेगळ्या अंतरांवर आहेत."

बाई स्टुलावरून उतरल्या. चष्मा नाकावर आला. "दाखव."

मी लॅपटॉप उघडून दिला. त्या किती वेळ एकेक आकडा पाहत होत्या कोण जाणे. काका चहा ठेवून गेले, तो निवला.  एरवी एवढ्या वेळात त्यांनी मला दोनदा तरी झापलं असतं.

"मोजमापात जास्त चूक असलेले आकडे वगळून बघितलंस?"

"बघितलं."

"चाली?"

"चौदांच्या चौदा दिशा बाई. एकमेकांशी तोंडओळखसुद्धा नाही त्यांची."

"हे शोधायला बसली होतीस तू?"

आता गुपित फोडणं भाग होतं. मी ठोकळ्याचं सांगितलं, काचवाल्याचं सांगितलं, चपलांच्या दुकानाचंही सांगितलं. बाई एकदम हसायला लागल्या. हसता हसता चष्मा काढून डोळे पुसायला लागल्या. काका दारात येऊन बघून गेले.

"मला त्यातल्या एका ताऱ्याची शंका होती गं," त्या म्हणाल्या. "फार जुनी. त्याचा रंग बाकीच्यांशी जुळत नव्हता. मी तीन विद्यार्थ्यांना सांगितलं, पुन्हा तपासा. तिघंही आले आणि म्हणाले, बाई, तुमचं बरोबर आहे. कसं तपासलं? तर मी सगळ्या ताऱ्यांना धरलेलं एकच अंतर खरं मानून! बैल गेला घाण्याभोवती गोल. मग मी विचारायचंच सोडलं. पण मनातून जाईना. माझं काम खरं आहे म्हणून टिकलंय, की मी ओरडते म्हणून टिकलंय, हे मला कळतच नव्हतं. उद्या हार घालून घेताना हाच विचार छातीवर बसणार होता."

त्यांनी मोठा श्वास सोडला. मला बाईंचा चेहरा असा सैल पडलेला माहीतच नव्हता.

"उद्या भाषणात मीच सांगते. त्या तुमच्या दवंडीला पहिल्या रांगेत बसवा. आणि याचा शोधनिबंध आपण दोघी लिहू. मांडणारीनंच मोडावं, म्हणजे भांडण उरत नाही. तुझं नाव आधी."

"बाई, मला वाटलं, तुम्ही मला दाराबाहेर काढाल."

"भीती वाटत होती?"

"हो."

"आणि तरी आलीस."

त्या इतक्या हळू बोलल्या की मला भडभडून आलं.  मी त्यांच्या रिकाम्या कपाटाला टेकून हुंदके देत रडले, आणि रडताना इतकं हलकं वाटत होतं की थांबावंसं वाटेना.

"आता रडतेस कशाला?" बाई नेहमीच्या आवाजात ओरडल्या. "तारे गेलेत का कुठे? चौदाच्या चौदा आपापल्या जागी आहेत. माझं म्हणणं तेवढं गेलंय."